टोकियोतील खासगी सहल: यादी छाटून देणाऱ्या मार्गदर्शक बाई

गेल्या नोव्हेंबरात आई-बाबांना घेऊन मी जपानला गेले होते. त्यातला टोकियोचा एक पूर्ण दिवस आम्ही खासगी मार्गदर्शकासोबत घालवला. त्या सेवेविषयी सविस्तर लिहावेसे वाटले, कारण ‘तुमच्या आवडीप्रमाणे आखलेली सहल’ या शब्दांमागे हातात नेमके काय पडते, हे आरक्षण करताना मला नीट कळलेले नव्हते. आठ तासांसाठी आम्ही ५२,००० येन मोजले. हे शुल्क माणशी नसून तिघांच्या गटाला मिळून होते. रक्कम थोडी नाही, त्यामुळे तिचा हिशेब मांडणे मला योग्य वाटते.

आरक्षण झाल्यावर कंपनीकडून आधी एक तयार कार्यक्रम आला. संकेतस्थळावर जो छापला होता तोच, शब्दही न बदलता. ‘आवडीप्रमाणे’ म्हणजे एवढेच का, असे वाटून मी थोडी खट्टू झाले आणि माझी स्वतःची नऊ ठिकाणांची यादी उलट टपाली पाठवली. त्यानंतर मात्र आम्हाला नेमून दिलेल्या मार्गदर्शक बाईंनी स्वतः लिहिले. त्यांच्या पहिल्या पत्रात एकाही ठिकाणाचे नाव नव्हते, होते ते फक्त प्रश्न. आईंना एका दमात किती मिनिटे चालता येते? पायऱ्या चढताना त्रास होतो की उतरताना? बाबांना इतिहासात रस आहे की बागांमध्ये? शहरातले काय आधीच पाहून झाले असेल? चढणे आणि उतरणे यांतला फरक आजवर आम्हाला डॉक्टरांशिवाय कोणी विचारला नव्हता. आईला उतरताना जास्त दुखते, आणि पुढे सबंध दिवसाची आखणी त्या एका उत्तरावर झाली.

दुसऱ्या पत्रात माझ्या नऊ ठिकाणांपैकी तीनच उरली होती, आणि गाळलेल्या प्रत्येकाचे कारण दिलेले होते. राजवाड्याची पूर्वेकडची बाग सोमवारी आणि शुक्रवारी बंद असते आणि आमचा दिवस शुक्रवारचा होता. मेइजी देवस्थान सुंदर आहे, पण तिथली खडीची लांबलचक वाट दुखऱ्या गुडघ्यांना नको. ६३४ मीटर उंचीचा स्कायट्री मनोरा आसाकुसा भागातून चांगला दिसतोच, वर जाण्याचे तिकीट काढण्यापेक्षा शिंजुकुतील महानगर शासनाच्या इमारतीचा ४५वा मजला गाठावा, तिथून शहर २०२ मीटर उंचीवरून दिसते आणि प्रवेश विनामूल्य आहे. शिबुयाचा चौक पाहायला मार्गदर्शक लागत नाही, तो आपला आपण संध्याकाळी पाहावा. स्वतःच्या कामाचे तास भरून काढण्याची संधी असताना ‘इथे माझी गरज नाही’ असे लिहिणाऱ्या व्यक्तीवर माझा तिथेच विश्वास बसला. उरलेली तीन ठिकाणे होती आसाकुसाचे सेन्सोजी मंदिर, बाबांच्या हट्टाचे रेन्कोजी मंदिर आणि शिंजुकुतील नाकामुराया हे भारतीय करीसाठीचे दुकान. चौथे, मात्सुचियामा शोदेन हे मंदिर, त्यांनी स्वतःहून घातले होते.

गाडीचा विषयही याच पत्रव्यवहारात निघाला. आईचा विचार करून मी विचारले, की तुमच्याच गाडीतून फिरवाल का, आम्ही वेगळे पैसे देऊ. त्यांनी नम्रपणे, पण ठाम नकार दिला. जपानमध्ये भाडे घेऊन प्रवासी नेणाऱ्या वाहनाला परवाना लागतो आणि त्याची नंबरपाटी हिरवी असते. परवानगी नसताना पांढऱ्या पाटीच्या खासगी गाडीतून पैसे घेऊन पाहुणे नेणे बेकायदेशीर आहे, म्हणून बहुतेक मार्गदर्शक पायी, मेट्रोने किंवा टॅक्सीनेच फिरवतात. वाटाड्याबद्दलही एक गोष्ट माहीत असलेली बरी. परकीय भाषेतून मोबदला घेऊन मार्गदर्शन करायला तिथे पूर्वी राष्ट्रीय परीक्षा उत्तीर्ण होणे सक्तीचे होते. जानेवारी २०१८ पासून ती सक्ती उठली आणि आता परवान्याविनाही हे काम करता येते, मात्र राष्ट्रीय दुभाषी-मार्गदर्शक हे पद परीक्षा देऊन नोंदणी केलेल्यांनाच लावता येते. अशा मार्गदर्शकाने नोंदणीपत्र जवळ बाळगायचे आणि मागितल्यास दाखवायचे असते. आमच्या बाईंनी ते भेटताक्षणी, आम्ही न मागता दाखवले. आरक्षण करताना हा एक प्रश्न जरूर विचारावा.

सकाळी नऊला उएनोतील हॉटेलच्या दारात त्या हजर होत्या. उएनो ते आसाकुसा हा गिंझा मार्गाचा पट्टा १९२७ साली सुरू झालेला, म्हणजे आशियातली पहिली भुयारी रेल्वे, हे त्यांनी फलाटावर उभ्या उभ्या सांगितले. पण मला त्याहून लक्षात राहिली ती दुसरीच गोष्ट. गाडी येण्याआधी त्या आम्हाला दर वेळी फलाटावर एका ठरावीक जागी नेऊन उभे करत, कारण उतरल्यावर लिफ्ट त्याच डब्यासमोर यायची. टोकियोच्या स्थानकांत लिफ्ट असते, पण प्रत्येक बाहेरच्या वाटेला नसते, आणि चुकीच्या टोकाला उतरले की भुयारातच मोठी पायपीट होते. दिवसभरात आईला जिना फक्त एकदा उतरावा लागला.

सेन्सोजीबद्दल मी फार लिहीत नाही, ते सर्वांना ठाऊक आहे. इ.स. ६२८ मध्ये सुमिदा नदीत दोन कोळी भावांच्या जाळ्यात अवलोकितेश्वर या बोधिसत्त्वाची मूर्ती सापडली, अशी तिथली कथा आहे. मुख्य मंदिर १९४५च्या बॉम्बहल्ल्यात जळाले आणि १९५८ साली पुन्हा उभे राहिले. आईने १०० येन टाकून धातूचा डबा हलवला, त्यातून आलेल्या काडीवरच्या आकड्याचा खण उघडून भविष्याची चिठ्ठी काढली, आणि ती नेमकी अशुभ निघाली. तिचा चेहरा उतरलेला पाहून बाईंनी सांगितले, की या मंदिरात अशुभ चिठ्ठ्यांचे प्रमाण जुन्या रीतीप्रमाणे अजून मोठे ठेवले आहे, आणि अशी चिठ्ठी घरी न्यायची नसते, इथल्या तारेला बांधून तिचे ओझे इथेच सोडायचे असते. आईने ती गाठ बांधली ती मन लावून.

तिथून नदीच्या बाजूने, मध्ये एकदा बसत, आम्ही मात्सुचियामा शोदेनला गेलो. सेन्सोजीच्याच अखत्यारीतले हे छोटेसे मंदिर एका टेकाडावर आहे आणि तिथला देव शोतेन, म्हणजेच कांगितेन, हे आपल्या विनायकाचे जपानी रूप आहे. तंत्रमार्गी बौद्ध धर्मासोबत तो तिथवर पोहोचला. मूळ मूर्ती कोणालाही दाखवत नाहीत. मंदिरभर दिसतात त्या दोन खुणा: एकमेकांत गुंतलेले दोन मुळे आणि नाडीची बटवेवजा थैली. दारावर, दगडावर, कंदिलांवर, जिकडे पाहावे तिकडे मुळा. देवाला वाहायलाही पांढराशुभ्र, हातभर लांबीचा मुळाच, तो तिथेच विकत मिळतो. ७ जानेवारीला इथे मुळ्याचा उत्सव असतो आणि शिजवलेला मुळा भक्तांना वाढतात, असेही बाईंनी सांगितले. टेकाड पाहून आई पायथ्याशीच थांबणार होती, पण वाहनतळाच्या बाजूने वर जायला रुळावरून सरकणारी एक लहानशी बंद गाडी आहे, आणि त्याच सोयीमुळे हे ठिकाण सुचवल्याचे बाईंनी तेव्हा सांगितले. आईने दोन्ही हातांत धरून मुळा पुढे ठेवला आणि डोळे मिटून ती बराच वेळ पुटपुटत राहिली. शेजारी एक वृद्ध जपानी गृहस्थ तसेच उभे होते. आम्ही कोणी काही बोललो नाही, आणि बाईही त्या वेळी अजिबात बोलल्या नाहीत. कधी गप्प राहायचे हे मार्गदर्शकाला कळणे मला फार मोलाचे वाटते.

आता तक्रार, कारण ती खरी आहे. आई शाकाहारी आहे, हे मी आरक्षणाच्या अर्जात स्पष्ट नोंदवले होते. कंपनीच्या कार्यालयाने ते बाईंपर्यंत पोहोचवलेच नव्हते. सकाळी अकराच्या सुमारास सहज बोलताना हा विषय निघाला तेव्हा त्यांना धक्का बसला. जपानमध्ये मांस-मासा न दिसणारा पदार्थही शाकाहारी असेलच असे नाही, कारण नूडल्सच्या रश्शात आणि बुडवायच्या चटकदार पाण्यातही वाळवलेल्या बोनितो माशाचा अर्क असतो. बाईंनी ठरवलेले सोबा नूडल्सचे उपाहारगृह त्यामुळे रद्द झाले. रस्त्याच्या कडेला उभे राहून त्यांनी तीन ठिकाणी फोन केले, प्रत्येक ठिकाणी रस्सा कशाचा आहे हे विचारले, आणि तिसऱ्या ठिकाणी फक्त कोंबू या समुद्री शेवाळाच्या अर्कात शिजवून द्यायला ते तयार झाले. जेवण उत्तम होते, पण आमची जवळजवळ पाऊण तासाची वेळ गेली आणि त्यापायी नाकामुराया वगळावे लागले. बाईंची यात चूक नव्हती, कंपनीची होती, आणि तसे मी अभिप्रायात कळवले आहे. आहाराच्या बाबतीत अर्जातल्या खुणेवर विसंबू नये, मार्गदर्शकाला स्वतः लिहावे, आणि ‘माशाचा अर्कही नको’ हे वेगळे सांगावे. खर्चाचा तपशीलही कंपनीने आधी नीट दिला नव्हता. मार्गदर्शकाचे मेट्रोचे भाडे, प्रवेशशुल्क आणि दुपारचे जेवण पाहुण्यांनी देण्याची तिथे पद्धत आहे. त्यात गैर काही नाही, फक्त ते आरक्षणाच्या पानावर ठळक असायला हवे होते.

दुपारी रेन्कोजी. आसाकुसाहून शहराच्या पार पश्चिमेला, सुगिनामी भागात जायचे होते. बाईंनी गिंझा मार्गाने आकासाका-मित्सुकेपर्यंत नेले, तिथे त्याच फलाटाच्या दुसऱ्या बाजूला मारुनोउची मार्गाची गाडी लागते, म्हणजे एकही पायरी न उतरता बदल झाला, आणि पाऊण तासात आम्ही हिगाशी-कोएन्जीला पोहोचलो. स्थानकाबाहेरच एक उद्यान आहे, तिथे पूर्वी रेशीमकिड्यांवर संशोधन करणारी संस्था होती. आई तिथल्या बाकावर विसावली आणि मग आम्ही सावकाश देवळात गेलो. नेताजी सुभाषचंद्र बोस यांच्या म्हणून जपलेल्या अस्थी सप्टेंबर १९४५ पासून या लहान मंदिरात आहेत. त्यांच्याविषयीचा वाद आपल्याकडे अजून मिटलेला नाही, हे बाईंना माहीत होते. त्या वादावर त्यांनी मत दिले नाही, फक्त मंदिरात काय आहे ते सांगितले. त्यांनी आधी दूरध्वनी करून विचारूनही मुख्य दालन आमच्यासाठी उघडता आले नाही, कलशाचे दर्शन झाले नाही, आणि तसे होणार नाही हे त्यांनी आदल्या आठवड्यातच कळवले होते. अंगणात नेताजींचा अर्धपुतळा आहे आणि राजेंद्रप्रसाद, नेहरू, इंदिरा गांधी आणि वाजपेयी यांच्या भेटींचे, त्यांच्या शब्दांचे फलक आहेत. बाबांनी टोपी काढली, पुतळ्यासमोर ताठ उभे राहिले आणि मग प्रत्येक फलक सावकाश वाचला. कोणत्याही तयार सहलीत हे ठिकाण मला दिसले नव्हते. ५२,००० येनांतला मोठा वाटा, माझ्या मते, या अर्ध्या तासाचा होता.

शेवट शिंजुकुत झाला. नोव्हेंबरात टोकियोत साडेचारलाच सूर्य मावळतो, आणि बाईंनी आम्हाला चारच्या आत महानगर शासनाच्या इमारतीत वर नेले. आकाश स्वच्छ होते. पश्चिमेला फुजीची काळसर आकृती तांबड्या उजेडात दिसली आणि आई काचेपासून हलेना. निरोप घेताना मी वरचे पैसे देऊ केले, ते त्यांनी हसून नाकारले. तिथे तशी प्रथा नाही.

तरुण असाल, पायांनी धडधाकट असाल आणि नेहमीची ठिकाणेच पाहायची असतील, तर या सेवेवर खर्च करू नये, असे माझे स्पष्ट मत आहे. स्थानकांवरच्या पाट्या इंग्रजीतही असतात आणि क्रमांकांमुळे वाट चुकत नाही. हाताशी पैसे कमी असतील तर स्वयंसेवी मार्गदर्शकांचे गटही आहेत. ते शुल्क घेत नाहीत, त्यांचा प्रवास आणि प्रवेश यांचा खर्च तेवढा आपण उचलायचा. पण सोबत वडीलधारी माणसे असतील, किंवा मनात असे एखादे ठिकाण असेल जे इतरांच्या यादीत नाही, तर खासगी मार्गदर्शक घ्यावा. आठ तास मात्र आम्हाला जास्त झाले. पुन्हा गेलो तर सहाच तासांचे आरक्षण करीन.

रात्री हॉटेलवर बाईंचे पत्र आले. हुकलेल्या नाकामुरायाची वाट त्यांनी पायरीपायरीने लिहून दिली होती: सकाळचाच गिंझा मार्ग, पण उलट दिशेने, आकासाका-मित्सुकेला समोरच्या गाडीत चढा, शिंजुकुला उतरा आणि भुयारी वाटेनेच थेट इमारतीत शिरा, रस्त्यावर यायची गरज नाही. ब्रिटिशांना हवे असलेले रासबिहारी बोस १९१५ साली जपानला आले, तेव्हा त्यांना लपवून ठेवणाऱ्या सोमा दांपत्याचे हे दुकान. पुढे ते त्यांचे जावई झाले आणि १९२७ पासून तिथे त्यांच्या पद्धतीची भारतीय करी मिळू लागली. दुसऱ्या दिवशी आम्ही तिघे आपापले तिथे गेलो. वाटेत मला कोणालाही काही विचारावे लागले नाही. बाबांनी हाडासकट कोंबडी असलेली ती करी आणि भात मागवला, आणि ताट स्वच्छ होईपर्यंत ते एक शब्द बोलले नाहीत.