८४८ रुपयांत एक धड पुस्तक नाही मिळालं

टेलिग्रामवर एक चॅनल दिसलं, "१००० अनुवादित कादंबऱ्या मराठी पीडीएफ फक्त १९९". मला कन्नड कादंबरीकार भैरप्पा वाचायचे होते, उमा कुलकर्णींनी केलेले मराठी अनुवाद, आणि नवी कोरी पुस्तकं एकदम घ्यायची म्हटलं की महिन्याचं गणित बिघडतं, म्हणून मोह झाला. पायरसी आहे हे कळत नव्हतं असं नाही हो, कळत होतं. तरी विचारलं, तर म्हणे "सर जुनी पुस्तकं आहेत, कॉपीराइट संपलाय." पटवून घेतलं स्वतःला.

१९९ पाठवले. झिप फाइल आली, पासवर्डचे वेगळे १४९. तेही दिले. मग "डिव्हाइस अ‍ॅक्टिव्हेशन"चं ५०० डिपॉझिट, परत मिळणारं म्हणे. इथे तरी थांबायला हवं होतं ना, पण आधीचे ३४८ बुडतील या भीतीने हे पण घातले आणि दहा मिनिटांत ब्लॉक.

पासवर्ड मात्र चालला. भैरप्पांच्या नावाच्या फाइलमध्ये पहिली चाळीस पानं, तीही तिरकी स्कॅन केलेली. एका इंग्रजी रहस्यकथेत म्हातारा "बादलीला लाथ मारतो" आणि पुढच्या ओळीत सगळे रडतायत, तेव्हा ट्यूब पेटली की मूळ इंग्रजीत "kick the bucket" म्हणजे मरणे असणार, आणि हे मशीनमधून काढलेलं शब्दशः भाषांतर आहे!

कॉपीराइटचं नंतर नीट वाचलं. आपल्याकडे लेखक गेल्यावर ६० वर्षं हक्क राहतो, आणि अनुवादाचा हक्क मूळ पुस्तकापासून वेगळा असतो. टॉलस्टॉय १९१० ला गेले, त्यांचं लिखाण मोकळं आहे, पण काल-परवा कोणी मराठीत केलेला टॉलस्टॉय मोकळा नाही. "जुनं आहे" मध्ये खरी गोम ही आहे.

पैसे गेलेच तर लगेच १९३० ला, म्हणजे सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला, फोन करा, जितका उशीर तितकं अवघड. मी लाजेपायी तीन दिवस घालवले, चोरीचा माल घेताना फसलो हे सांगायचं कुणाला.

आणि गंमत म्हणजे स्वस्तात मिळतं हो. साहित्य अकादमी आणि नॅशनल बुक ट्रस्ट दोघांकडे इतर भारतीय भाषांतून मराठीत आलेली पुस्तकं असतात, किमती बेताच्या. अकादमीचं ऑफिस दादरला आहे. राज्य साहित्य आणि संस्कृती मंडळाच्या साइटवर तर त्यांची कितीतरी पुस्तकं पीडीएफमध्ये चक्क फुकट आहेत, त्यात अनुवादही आहेत. पुण्यात असाल तर अप्पा बळवंत चौकात चक्कर मारा, फक्त फूटपाथवरच्या पुसट छपाईच्या कॉप्या घेऊ नका, ती पण पायरसीच.

मी शेवटी गावातल्या सार्वजनिक वाचनालयात गेलो. डिपॉझिट ५००, महिना ५० रुपये, आणि पावती मिळते. भैरप्पा विचारले तर काकू म्हणाल्या, "आहे की, पण बाहेर गेलंय, नंबर लावू का?" तिसरा नंबर आहे माझा.