ऑरेंज रफीचे गोठवलेले काप : चव उत्तम, पाकिटावरची माहिती अपुरी

मेलबर्नमधील आमच्या घराजवळच्या दुकानातून न्यूझीलंडच्या ऑरेंज रफी माशाचे गोठवलेले पाकीट आणले. डोके, कातडे आणि काटे काढलेले दोन पांढरे काप त्यात होते. एक रवा लावून तळला, दुसऱ्याचे ओले खोबरे व आमसूल घालून कालवण केले.

तळलेला काप उत्तम झाला. मांस घट्ट, पाकळ्या मोठ्या, चव किंचित गोडसर आणि हिवस वास जवळजवळ नाहीच. कालवणाने मात्र निराशा केली, कारण तुकडे रश्शात फुटले नाहीत हे खरे असले, तरी डोक्याकाट्यांवाचून रश्शाला मासळीची चव उतरली नाही.

कातडे काढण्यामागे केवळ गिऱ्हाइकाची सोय नाही. या माशाची चरबी बहुतांशी मेणासारखी असते आणि तिचा मोठा साठा कातड्यालगत असतो; खोल पाण्यात शरीर हलके ठेवण्यास माशाला ती उपयोगी पडते, पण माणसाला पचत नाही व जास्त पोटात गेल्यास जुलाब होतात. त्यामुळे कातड्याबरोबर तो थरही तासून काढतात. अख्खा मासा हाती आला असता, तर मी तो सवयीने कातड्यासकटच तळला असता! जिवंतपणी त्याचा रंग विटकरी लाल असतो आणि मेल्यावर नारिंगी होतो. तांबडा प्रकाश पोहोचत नाही अशा खोलीवर तो लाल रंग काळाच दिसतो.

माझी खरी तक्रार पाकिटाबद्दल आहे. त्यावर वजन, देश आणि अंतिम तारीख आहे. माशाच्या आयुष्याविषयी एक अक्षर नाही. कानातील चुनखडीच्या खड्यावरची वलये मोजून या माशाचे वय ठरवतात आणि ते 200 वर्षांच्या पुढेही जाते. अंडी घालण्याजोगा होण्यास त्याला सुमारे 30 वर्षे लागतात, आणि त्यानंतरही प्रत्येक मादी दरवर्षी अंडी घालतेच असे नाही. त्यातच अंडी घालण्यासाठी हे मासे समुद्रतळावरच्या डोंगरांभोवती दाटीने जमतात, त्यामुळे ट्रॉलरच्या एकाच ओढीत कित्येक पिढ्या जाळ्यात येतात. अतिमासेमारीमुळे साठे इतके घटले, की 2006 मध्ये ऑस्ट्रेलियाने त्याला धोक्यातील जातींच्या यादीत ‘संवर्धनावर अवलंबून’ या वर्गात घातले. एवढ्या दीर्घ आयुष्यात अंगात पाराही साठत जातो. गर्भवतींनी हा मासा आठवड्यातून एकदाच खावा आणि त्या आठवड्यात दुसरी मासळी टाळावी, असा येथील अन्नमानक संस्थेचा सल्ला आहे. निदान तो तरी छापायला हवा होता.

चवीला पाचपैकी चार, माहितीला एक. दुसरे पाकीट मी आणलेले नाही. रव्यात तळायला इथला ताजा फ्लॅटहेड मासा चांगला लागतो आणि तो थोड्याच वर्षांत वाढतो.