'स्पेलजॅमर'ची पेटी: समुद्र मोठा, पानं थोडी

डन्जन्स अँड ड्रॅगन्स या टेबलाभोवती बसून फाशांनी खेळायच्या कल्पनेच्या खेळाच्या विश्वात सगळ्या जगांच्या मधोमध एक चंदेरी समुद्र पसरलेला आहे. वर बघा नाहीतर खाली, सारखाच. तो पाण्याचा नाही, विचारांचा आणि स्वप्नांचा. तिथं भूक-तहान लागत नाही, वय वाढत नाही, आणि मेलेल्या देवांची दगड झालेली धुडं तरंगत असतात. जाणिवेच्या या मूळ थरावर जहाज हाकायचा खेळ म्हणजे ऑगस्ट 2022 मध्ये आलेली स्पेलजॅमरची पेटी. बेळगाव, खानापूर, निपाणीकडं चार-पाच जण जमवून मराठीत खेळणाऱ्यांनी ती जरूर घ्यावी, पण तिच्या एकटीच्या भरवशावर बसू नये.

पेटीत 64 पानांची तीन जाड पुठ्ठ्याची पुस्तकं, सूत्रधाराचा, म्हणजे खेळ चालवणाऱ्याचा, पडदा आणि दोन्ही बाजूंनी छापलेला मोठा नकाशा निघतो. एका पुस्तकात नियम, सहा नव्या जमाती आणि 16 जहाजं. दुसऱ्यात साठावर प्राणी. तिसऱ्यात पाचव्या ते आठव्या पातळीच्या पात्रांसाठी तयार मोहीम. छपाई आणि चित्रं फार देखणी आहेत.

सगळ्यात चांगला बदल वेगाचा. या समुद्रात पाय चालत नाहीत, मन चालतं. 2014 च्या सूत्रधार-मार्गदर्शकात लढाईतला वेग बुद्धीच्या आकड्याच्या तिप्पट फूट होता. बुद्धी 8 असेल तर 24 फूट, म्हणजे पाच फुटांच्या चौकटीत धड पाच घरंही नाहीत, आणि मग प्रत्येक खेळीला वाद. या पेटीनं तो पाचपट केला. आता बुद्धीचा आकडा तीच घरांची संख्या: 8 वाला 8 घरं, 18 वाला 18. हिशेबच उरत नाही. कॅरम बोर्डावर इंच-इंचाच्या चौकटींचा कागद अंथरला तर एका बाजूला 29 घरं बसतात, 18 घरांची झेपसुद्धा मावते. सोंगट्या म्हणून कॅरमच्या गोट्या घेऊ नका, त्या इंचापेक्षा मोठ्या असतात आणि शेजारच्या घरात शिरतात. चिंचोके उत्तम.

नवखे गट हमखास अडखळतात ते चंदेरी दोऱ्यावर. या समुद्रात मंत्रानं गेलात तर शरीर मागं राहतं आणि आत्मा दोऱ्यानं त्याला बांधलेला असतो. तो मंत्र नवव्या पातळीचा, म्हणायला एक तास लागतो, आणि माणशी 1000 सोन्याच्या नाण्यांचं एक रत्न व 100 नाण्यांची कोरीव चांदीची कांडी खर्ची पडते. जहाजानं गेलात तर तुम्ही सदेह जाता. दोरा नाहीच, म्हणजे तो तुटायची भीतीही नाही, पण तिथं मेलात तर खरेच मेलात. हे पहिल्याच बैठकीत बोलून घ्या, नाहीतर या समुद्रातल्या गिथयांकी जमातीचा योद्धा दोरा तोडणारी चंदेरी तलवार घेऊन आला की टेबलावर भांडण ठरलेलं.

आता उणीव. खेळ समुद्राचा असून त्याच्या वागणुकीवर पानं फारच थोडी. आमचं मत स्पष्ट आहे: 2014 च्या मार्गदर्शकातला मनवारा, म्हणजे वाट चुकवणाऱ्या आणि मनावर आघात करणाऱ्या वाऱ्याचा नियम, शेजारी ठेवल्याशिवाय हा समुद्र जिवंत वाटत नाही. वारा सुटला की अख्ख्या गटासाठी 20 बाजूंचा फासा एकदाच टाकायचा. 1 ते 8 आलं तर 1 ते 6 तास उशीर, 9 ते 12 ला दहा बाजूंच्या तीन फाशांच्या बेरजेइतके तास, 13 ते 16 ला भलत्याच ठिकाणी, 17 ते 20 ला रंगडोहातून, म्हणजे दुसऱ्या जगाच्या दारातून, थेट परक्या जगात. मग मनावरचा आघात टाळायला प्रत्येकानं बुद्धीची 15 ची कसोटी वेगळी द्यायची. बुद्धी 8 वाल्याच्या फाशातून एक वजा होतो, म्हणून त्याला फाशावर 16 तरी हवेत, म्हणजे चारात एकदाच तो वाचतो. त्याचा वेगही कमी, म्हणून हा खेळाडू कंटाळतो. उपाय सोपा आहे. सहाव्या पातळीचा पॅलाडिन, म्हणजे व्रतस्थ योद्धा, गटात ठेवा आणि सगळ्यांनी त्याच्या दोन घरांच्या आत उभं राहा, त्याच्या व्यक्तिमत्त्वाची भर सगळ्यांच्या कसोटीत पडते.

जहाजांच्या लढाईचे नियमही तोकडे. बॅलिस्टा, म्हणजे जहाजावरचं मोठं बाणयंत्र, भरायला एक कृती, रोखायला एक, सोडायला एक. एकटाच माणूस असेल तर तिसऱ्या फेरीत एक बाण जातो. बॅलिस्टापाशी तीन जण द्या किंवा सरळ शत्रूच्या जहाजावर उड्या मारा. पेटीचा कलही तिकडंच आहे.

मजकूर सगळा इंग्रजी आहे. वर्णन मराठीत, आकडे आहेत तसे, हे जमतं. मनवारा, रंगडोह असे शब्द आधी ठरवून टाका. टेबलावर "कुठं जाऊलालास?" असं विचारलं की उत्तर जागेचं नको, विचाराचं मागा: काय मनात धरून निघालास? या समुद्रात दिशा म्हणजे तेच.

इथल्या जुलै-ऑगस्टच्या झडीत नकाशाच्या घड्या ओल धरून फाटतात आणि पडद्याचा पुठ्ठा वाकतो. नकाशा आल्याबरोबर लॅमिनेट करून घ्या आणि मग गुंडाळी करून ठेवा, घडी घालू नका. पडदा पुस्तकांच्या मधे आडवा दाबून ठेवा.