सातबाऱ्यावर ५१२ जीबी, मोजणीत ८

कापसाचा पहिला चुकारा खात्यात पडला की यवतमाळ जिल्ह्यातल्या घाटंजी-पांढरकवडा भागात एक माल हमखास खपतो. हातात धरून खेळायचं, ३.५ इंची स्क्रीनचं गेमयंत्र. आर-३६-एस हे त्यातलं नेहमीचं मॉडेल, आणि त्याच आकाराच्या डब्यात भरलेल्या नकलाही बाजारात भरपूर. बोलणं ठरलेलं असते: "वीस हजार गेम हाये भाऊ, पीएसपी, पीएस-२, सारं चालते. ५१२ जीबीचं कार्ड फुल भरून देतो." (पीएसपी म्हणजे सोनीचं हातात धरायचं प्लेस्टेशन, पीएस-२ म्हणजे दुसरं प्लेस्टेशन.) अशाच एका घरात बारावीतल्या पोरासाठी हे यंत्र घेतलं गेलं आणि महिन्याभरात तीनदा पैसे गेले. पहिल्यांदा कार्डात, मग इम्युलेटरच्या (एका यंत्राचे गेम दुसऱ्यावर चालवणाऱ्या प्रोग्रामच्या) नावाखाली, आणि शेवटी थेट बँकेच्या खात्यातून. गाव आणि दुकान कोणतं ते सोडून देऊ. डाव कसा पडला ते नीट पाहू, कारण प्रत्येक पुढची थाप मागची झाकायला मारलेली होती.

आधी यंत्राची ताकद समजून घ्या. आर-३६-एसमध्ये रॉकचिप कंपनीची आरके-३३२६ चिप असते. चार कोअर, १ जीबी रॅम, ६४० बाय ४८० पिक्सेलची स्क्रीन. पैशाच्या मानानं माल वाईट नाही. गेमबॉय ॲडव्हान्स, सुपर निन्टेन्डो, सेगा मेगा ड्राइव्ह आणि पहिल्या प्लेस्टेशनचे गेम ती चिप आरामात ओढते. निन्टेन्डो-६४ आणि पीएसपीचं गेम पाहून ठरतं, काही बरे चालतात, काही अडखळतात. पीएस-२ मात्र तिच्यावर चालत नाही, कोणतीही सेटिंग करा, कोणतंही अपडेट टाका. मोबाईलवर पीएस-२ नीट चालवायचं तर स्नॅपड्रॅगन ८४५ च्या तोडीचा प्रोसेसर लागतो. म्हणजे या यंत्रावर पीएस-२ चालते असं सांगणाऱ्याला एकतर माल माहीत नाही, नाहीतर तो खोटं बोलतो. दोन्ही बाबतीत पैसे खिशातच ठेवावे.

याच्याही खालचा प्रकार म्हणजे जाहिरातीत मोठं यंत्र दाखवून पार्सलमध्ये "४०० इन १" पाठवणं. ते सुरू करून पाहायचीही गरज नसते. मागचं झाकण काढलं की जुन्या नोकियात बसायची तशी बीएल-५सी बॅटरी दिसते आणि कार्डाची खाच कुठंच नसते. त्यात नवा गेम टाकता येत नाही. पोस्टमन किंवा कुरियरवाला आधी पैसे मागतो, त्यामुळे निदान खोका फोडतानाचा व्हिडिओ काढावा, पत्त्याच्या चिठ्ठीपासून सलग, मध्ये न थांबवता.

आता कार्ड. आर-३६-एसला कार्डाच्या दोन खाचा असतात. टीएफ-१ मध्ये चालवणारी प्रणाली, टीएफ-२ मध्ये गेम. या घरातल्या यंत्रात टीएफ-२ ला ५१२ जीबी छापलेलं कार्ड होतं. मेनूत हजारो नावं दिसत होती. मारिओसारखे जुने छोटे गेम पहिल्या दिवसापासून चालले, म्हणून घरच्यांना शंकाच आली नाही. प्लेस्टेशनचा किंवा पीएसपीचा गेम दाबला की स्क्रीन काळी, आणि दोन सेकंदांत परत मेनू.

कारण साधं आहे. खोट्या कार्डात मेमरीची चिप ८ किंवा १६ जीबीचीच असते. तिचा कारभार पाहणाऱ्या कंट्रोलरला फक्त ५१२ सांगायला शिकवलेलं असतं. सातबाऱ्यावर चौसष्ट एकर आणि मोजणीत एक, असा तो कारभार. फायलींची नावं आणि आकार कार्डाच्या सुरुवातीच्या नोंदीत लिहिले जातात, म्हणून यादी पूर्ण दिसते. खरी जागा संपल्यावर लिहिलेलं मात्र हवेत जातं, किंवा फिरून जुन्यावरच बसतं. आधी लिहिलेले छोटे गेम वाचले तर वाचतात, मागाहून टाकलेले मोठे नुसते नावाला उरतात.

खरं तर विकत घेताना बोटांवर हिशेब केला असता तरी कळलं असतं. पीएसपीच्या यूएमडी तबकडीत १.८ जीबीपर्यंत माल मावतो, प्लेस्टेशनच्या सीडीत साधारण ६५० ते ७०० एमबी. खऱ्या ५१२ जीबीच्या कार्डात संगणकाला सुमारे ४७६ जीबी दिसते. एकेक जीबीचे गेम धरले तर पाचशेही बसत नाहीत. वीस हजारांचा आकडा भरतो तो काही शे केबीच्या गेमांनी, आणि तेच गेम वेगवेगळ्या नावांनी पुन्हा टाकून. शिवाय नामांकित कंपनीचं ५१२ जीबीचं कार्ड काही हजारांत जाते, ते तीनएक हजाराच्या यंत्रासोबत कोणी फुकट देत नाही.

पोरगा दुकानात गेला, "गेम चालून नाही राह्यले" म्हणाला. दुकानदारानं कार्डाला हातही लावला नाही. "इम्युलेटर जुना हाये, फुल व्हर्जन टाका लागते, ४९९ लागतील." पैसे यूपीआयनं गेले, बिल मिळालं नाही, आणि गेम होते तसेच राहिले.

इथं थांबून बिघाड कुठला ते ओळखायला शिकावं, कारण दुकानदाराच्या या एका वाक्यावर बरेच जण फसतात. गेम सुरू होतो पण आवाज तुटतो, चित्र संथ सरकते, तर चिप कमी पडते आहे. त्यावर विकत घेण्यासारखा इलाज नाही, फ्रेमस्किप (मधली काही चित्रं गाळायची सेटिंग) एक-दोननं वाढवून पाहावा. "बायोस सापडला नाही" अशा अर्थाचा संदेश आला तर पहिल्या प्लेस्टेशनची बायोस फाइल (मूळ यंत्र सुरू करणारा प्रोग्राम) नाही किंवा चुकीच्या फोल्डरात आहे. ती बरोबर ५१२ केबीची असते, कमीजास्त दिसली तर फाइलच चुकीची. एकच गेम उघडत नाही आणि त्याच प्रकारातले बाकीचे चालतात, तर त्या गेमची फाइल अर्धवट. पण वेगवेगळ्या प्रकारचे मोठे गेम सगळेच परत मेनूवर फेकत असतील आणि छोटे चालत असतील, तर संशय पहिला कार्डावर. स्क्रीन काळी आणि आवाज मात्र येतो, ही भानगड वेगळीच. कोणीतरी टीएफ-१ ची प्रणाली नव्यानं टाकली आणि त्या यंत्राच्या स्क्रीनला जुळणारी डीटीबी फाइल (कोणती स्क्रीन, कोणता बोर्ड ते प्रणालीला सांगणारी) टाकलीच नाही. या यंत्रांत स्क्रीन बॅचनुसार बदलतात, नकलांत तर बोर्डही. म्हणून यंत्र घरी आलं की सगळ्यात आधी टीएफ-१ ची पूर्ण इमेज, म्हणजे हुबेहूब नक्कल, संगणकावर काढून ठेवावी आणि बूट विभागातली डीटीबी फाइल वेगळी जपावी. सोबत आलेली बिनकंपनीची कार्डं फार टिकत नाहीत.

कार्ड तपासायला विंडोजवर एच-२-टेस्ट-डब्ल्यू नावाचा फुकट प्रोग्राम आहे, लिनक्सवर एफ-३. कार्डातलं हवं ते आधी दुसरीकडे काढा, कार्ड फॉरमॅट करा, मग प्रोग्रामला सगळी जागा भरून वाचायला सांगा. तो एकेक जीबीच्या फायली लिहितो आणि परत वाचून ताडून पाहतो. शेवटी किती जागा खरी आणि किती खोटी, ते आकड्यात देतो. या घरातलं कार्ड साडेसात जीबीच्या आत निघालं, म्हणजे ८ जीबीची चिप. सेकंदाला १५ एमबी वेग धरला तर ६४ जीबी भरायला सव्वा तास लागतो; ५१२ जीबीला नुसतं लिहायलाच साडेनऊ तास. आपल्याकडं लाईट जायचा नेम नाही, म्हणून लॅपटॉपवर करावं; मध्येच बंद पडलं तर लिहिलेल्या फायली तशाच ठेवून फक्त वाचून तपासायचीही सोय त्यात आहे. म्हणूनही या यंत्राला ६४ जीबीचं, बिलासकट घेतलेलं कार्ड पुरे. तपासून होतं, आणि ही चिप जे गेम ओढते ते त्यात भरपूर मावतात.

आता तो ४९९ चा इम्युलेटर. पीएसपीसाठी चालतो तो पीपीएसएसपीपी, हेन्रिक रिडगार्ड यांनी सुरू केलेला, २०१२ पासून सगळ्यांसाठी खुला आणि फुकट. त्याची सोनेरी चिन्हाची गोल्ड आवृत्ती विकत मिळते, पण ती बनवणाऱ्यांना मदत म्हणून. तिच्यात जास्तीचा एकही गेम नाही, वेगही जास्त नाही. त्याला बायोस लागत नाही. मोबाईलवर तो प्ले स्टोअरमधून घ्यावा, पहिल्यांदा उघडल्यावर एक फोल्डर निवडून द्यावं, आपल्या मालकीच्या गेमची आयएसओ, सीएसओ किंवा सीएचडी फाइल तिथं ठेवून यादीतून उघडावी. साध्या मोबाईलवर रेंडरिंग (चित्र किती बारीक काढायचं ती सेटिंग) १ पट ठेवा. पीएसपीची मूळ स्क्रीनच ४८० बाय २७२ ची होती. चित्र फाटत असेल तर व्हल्कन आणि ओपनजीएल या चित्र काढायच्या दोन पद्धती आलटून पाहा. सेव्ह केलेलं सगळं पीएसपी फोल्डरातल्या सेव्हडेटात असतं, मोबाईल बदलताना तेवढं उचललं तरी चालते.

या घरात मात्र दुकानदारानं व्हॉट्सॲपवर एक लिंक पाठवली: "मोबाईलवर टाक, जीटीए-५ पण चालते, फक्त ३०० एमबी." ती त्याला टेलिग्रामच्या कुठल्याशा गटातून आली असेल, कदाचित त्यालाही ठाऊक नसेल आत काय आहे. खात्याला त्यानं फरक पडत नाही. जीटीए-५ हा २०१३ चा, प्लेस्टेशन-३ आणि एक्सबॉक्स-३६० साठी आलेला गेम. संगणकावर त्याला ७० जीबीहून जास्त जागा लागते. पीएसपीवर या मालिकेतले तीनच आले: लिबर्टी सिटी स्टोरीज, व्हाइस सिटी स्टोरीज आणि चायनाटाऊन वॉर्स. पीएसपीसाठी जो गेम कधी बनलाच नाही तो ३०० एमबीत दाबून देता येत नाही. त्या नावाखाली कधी जुन्याच गेमला नवे कपडे चढवलेले असतात, कधी पासवर्ड लावलेली रिकामी फाइल, आणि पासवर्डसाठी "व्हेरिफिकेशन"च्या पानावरून पानावर पळवणं.

लिंकवरच्या एपीकेनं (प्ले स्टोअरबाहेरून टाकायच्या ॲपच्या फाइलनं) आधी प्ले प्रोटेक्ट, म्हणजे धोक्याची ॲप पकडणारी गूगलची सोय, बंद करायला लावलं, मग एसएमएस वाचायची आणि ॲक्सेसिबिलिटीची परवानगी मागितली. गेम खेळवणाऱ्या ॲपला यातलं काहीही लागत नाही, त्याला फक्त गेमचं फोल्डर हवं. ॲक्सेसिबिलिटी दिली की ते ॲप स्क्रीनवरचं वाचू शकतं आणि आपल्या वतीनं बटणं दाबू शकतं. एसएमएस दिला की ओटीपीही त्याचाच. मोबाईल बापाचा, चुकाऱ्याचं खातंही त्याच नंबरला जोडलेलं. पहाटे पैसे गेले, दुपारी बँकेत गेल्यावर कळलं.

असं झालं तर आधी त्या मोबाईलचं इंटरनेट बंद करून विमान मोड लावायचा. दुसऱ्या मोबाईलवरून १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला फोन, मग बँकेला. खातं आणि यूपीआय गोठवायला सांगायचं. १९३० वर व्यवहाराचा १२ आकडी यूटीआर क्रमांक, रक्कम आणि वेळ विचारतात, ते पासबुकात किंवा बँकेच्या विवरणात सापडते. तक्रार सायबरक्राइम डॉट जीओव्ही डॉट इन वरही पूर्ण करावी. ॲप निघत नसेल तर सेफ मोडमध्ये (बाहेरून टाकलेली ॲप बंद ठेवून मोबाईल सुरू करायची सोय) जाऊन आधी डिव्हाइस ॲडमिन आणि ॲक्सेसिबिलिटीची परवानगी काढायची, मग ॲप. पिन आणि पासवर्ड बदलायचे ते दुसऱ्या, स्वच्छ मोबाईलवरून. कार्ड आणि यंत्राची तक्रार वेगळी, ग्राहक हेल्पलाइन १९१५ वर. तिथं बिल किंवा पैसे दिल्याचा पुरावा लागतो, आणि नकली गेम भरून विकणारा दुकानदार बिल देत नाही ते याचसाठी.

बँकेत तोंडी सांगून परत येऊ नये. लेखी अर्ज द्यावा, पोच घ्यावी, पोचेवर तारखेसोबत वेळही टाकून मागावी. रिझर्व्ह बँकेच्या ६ जुलै २०१७ च्या परिपत्रकाप्रमाणे ग्राहकाची चूक असली तरी बँकेला कळवल्यानंतर जे पैसे जातात त्याची जबाबदारी बँकेची असते.