‘वहिनींनी ओके केलंय’ म्हणत आमचा सिनेमा कायमचा लिहून घेतला

मी आणि माझा नवरा मिळून कमी बजेटचे भयपट करतो. लेखन-दिग्दर्शन माझं, कॅमेरा आणि एडिटिंग त्याचं, आणि निर्माते म्हणून कागदोपत्री दोघंही. गेल्या वर्षी अंधेरीत ऑफिस थाटून बसलेल्या एका माणसाने ‘ओटीटीला लावून देतो’ म्हणून आमच्याकडून पैसे तर घेतलेच, पण सिनेमाचे हक्कही लिहून घेतले. त्याचं नाव इथे देत नाही, तक्रार चालू आहे. पण त्याची पद्धत प्रत्येक छोट्या निर्मात्याला कळायला हवी. आमच्यासारखे नवरा-बायको मिळून काम करणारे तर त्याला विशेष सोपे जातात.

सिनेमा गिरगावातल्या एका चाळीत शूट केला. पुनर्विकासासाठी बहुतेक भाडेकरू निघून गेले होते. आतेसासूबाईंची खोली अजून ताब्यात होती, तेवढा आधार. वीज कापलेली, त्यामुळे दिवे बॅटरीवर, आणि दिवसा रात्र दाखवायला खिडक्यांना कचऱ्याच्या काळ्या पिशव्या चिकटवलेल्या. रक्त घरीच केलं: साखरेचा घट्ट पाक, खायचा लाल रंग आणि चमचाभर कोको, नाहीतर कॅमेऱ्यात ते सरबतासारखं दिसतं. हाडं मोडल्याचा आवाज नवऱ्याने स्वयंपाकघरात माइक लावून शेवग्याच्या शेंगा मोडून रेकॉर्ड केला. त्या आवाजाचा मला आजही अभिमान वाटतो. या सगळ्यात माझे दागिने आणि त्याचा पीएफ गेला. मोठे निर्माते एवढ्या पैशात एक गाणं करतात.

सिनेमा तयार झाला की खरी अडचण सुरू होते. थिएटरला लावायचा तर डीसीपी (थिएटरला द्यायची डिजिटल प्रत), डिजिटल प्रोजेक्शनची फी, पोस्टर, पब्लिसिटी हे सगळं निर्मात्याच्या खिशातून, आणि मराठी सिनेमाला मिळणार दुपारचा एखादा शो. भयपटाला सेन्सॉरकडून अनेकदा ‘ए’ मिळतं. ‘ए’चा सिनेमा टीव्हीवर तसाच दाखवता येत नाही, कापछाट करून टीव्हीसाठी वेगळं प्रमाणपत्र घ्यावं लागतं. म्हणजे सॅटेलाइट हक्कांचा, टीव्हीला विकायचा, दरवाजा जवळपास बंद. उरतं ओटीटी, आणि मोठे प्लॅटफॉर्म आमच्यासारख्यांशी थेट बोलत नाहीत. मध्ये सिनेमा त्यांच्यापर्यंत पोहोचवणारा मध्यस्थ, म्हणजे अ‍ॅग्रिगेटर लागतो. ही कोंडी त्या माणसाला तोंडपाठ होती. पहिल्याच भेटीत त्याने आमचं दुखणं आमच्यापेक्षा नीट सांगितलं, म्हणून तो आपला माणूस वाटला.

त्याने क्यूसी (तांत्रिक तपासणी), एन्कोडिंग (प्लॅटफॉर्मला चालेल अशी फाइल करणं) आणि सबटायटल यांचे मिळून 1,85,000 रुपये मागितले, जीएसटी वेगळा. अशी फी प्रामाणिक अ‍ॅग्रिगेटरही घेतात, म्हणून फी मागितली एवढ्यावरून कुणाला चोर ठरवू नका. पारखायची ती पावती. आमच्या पावतीवर 27 ने सुरू होणारा पंधरा अक्षरी जीएसटी नंबर व्यवस्थित छापलेला होता. 27 म्हणजे महाराष्ट्र, त्यात खटकण्यासारखं काही नाही. पुढे माझ्या भावाने तो नंबर जीएसटीच्या सरकारी वेबसाइटवर टाकला तेव्हा भलत्याच माणसाच्या, भलत्याच धंद्याचं नाव आलं. हा शोध फुकट असतो आणि मिनिटभरात होतो. पैसे पाठवायच्या आधी करा. बँक खात्याचं नाव आणि जीएसटीवरचं नाव जुळत नसेल तर तिथेच थांबा.

मग करार. ईमेलवर आलेला मसुदा मी दोनदा वाचला. तीन वर्षांचा परवाना, फक्त भारत, फक्त ओटीटी, उत्पन्नात साठ-चाळीस. चांगला होता. मी ‘ठीक आहे’ असं उत्तर पाठवलं. काही दिवसांनी त्याने नवऱ्याला मास्टरची, म्हणजे सिनेमाच्या अंतिम मूळ प्रतीची, हार्ड डिस्क घेऊन ऑफिसला बोलावलं. मी तेव्हा डबिंगला होते, हे त्याला माहीत होतं. पाचशेच्या स्टॅम्प पेपरला जोडलेला जाड गठ्ठा पुढे ठेवून म्हणाला, “दादा, वहिनींनी सगळं वाचून ओके केलंय, मेल दाखवू का?” मेल खरा होता. नवऱ्याने सह्या केल्या. त्याच संध्याकाळी त्या माणसाचा मुलगा तोच गठ्ठा घेऊन भांडुपला आमच्या घरी आला आणि मला त्याच्या वडिलांशी फोन जोडून दिला. “वहिनी, दादांनी आत्ताच ऑफिसात बसून वाचून सह्या केल्यात, तुमची फक्त शेवटच्या पानावर हवी. प्लॅटफॉर्मला आज रात्री अपलोड करायचंय.” नवऱ्याची सही मी ओळखली आणि खाली माझी केली.

मेलमधला मसुदा आणि तो गठ्ठा यांत मधली पानं बदललेली होती. दोघांपैकी प्रत्येकाला दुसऱ्याचं नाव सांगायचं, दोघांना एका टेबलाशी येऊ द्यायचं नाही आणि आमची प्रत ‘नोटरी करून देतो’ म्हणून लांबवत न्यायची. हीच त्याची सगळी कारागिरी. नंतर भेटलेल्या आणखी दोन जोडप्यांबरोबर त्याने हुबेहूब हेच केलं होतं. एका घरात तर ‘तूच वाचलं होतंस ना?’ यावरून नवरा-बायकोत महिनोन्‌महिने बोलणं बंद होतं. पैशाइतकाच मला याचा राग आहे. विश्वासावर चाललेल्या घरातला विश्वासच त्याने हत्यार म्हणून वापरला.

बदललेल्या पानांत काय होतं ते सांगते, कारण ही भाषा तुमच्यासमोरही येईल. ‘लायसन्स’च्या जागी ‘असाइनमेंट’ आलं होतं. पहिल्यात तुम्ही हक्क वापरायला देता, दुसऱ्यात हक्कच देऊन टाकता. माध्यमं सर्व, भाषा सर्व, डबिंग आणि नाव बदलण्याची मुभा, मुदत ‘परपेच्युअल’ म्हणजे कायमची, प्रदेश ‘संपूर्ण विश्व’. आमच्या वकीलबाईंनी दाखवलं की हे शब्द उगाच आलेले नसतात. कॉपीराइट कायदा, 1957 च्या कलम 19 प्रमाणे हस्तांतराची मुदत लिहिली नसेल तर ती पाच वर्षं धरतात, आणि प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत. घेतलेले हक्क वर्षभरात वापरले नाहीत तर ते संपतात, पण करारात वेगळं लिहिलं नसेल तरच. त्या गठ्ठ्यात या तिन्ही वाटा एकेक वाक्य घालून बुजवल्या होत्या. मोबदला किती? ‘रुपये एक आणि उत्पन्नातील वाटा, खर्च वजा जाता.’ खर्च ठरवणार तो.

प्लॅटफॉर्मकडून ‘सिलेक्ट झालाय’ असा मेलही आला होता. पत्त्यात प्लॅटफॉर्मचं नाव होतं, पण पुढे एक जास्तीचा शब्द आणि वेगळं डोमेन. मग रिलीजची तारीख पुढे, आणखी पुढे, आणि एक दिवस फोन बंद.

सिनेमा सापडला तो आमच्याच एका कलाकाराच्या चुलतभावाला, यूट्यूबवर. हिंदीत डब केलेला, नाव वेगळं, थंबनेलवर आमच्या सिनेमात नसलेली बाई. जिन्याचा कठडा बघून त्याने ओळखला. व्ह्यू लाखांत होते. आमच्या चॅनेलवरच्या आमच्याच ट्रेलरवर कॉन्टेंट आयडीचा (यूट्यूबच्या हक्क ओळखणाऱ्या यंत्रणेचा) दावा येऊन बसला होता, म्हणजे ट्रेलरच्या जाहिरातीचे पैसेही त्या फसवणाऱ्या माणसाकडे. आम्ही दावा नाकारला. समोरच्याला उत्तराला तीस दिवस असतात. त्याने मुदतीत सह्यांचा करार पुढे केला आणि दावा कायम ठेवला. शेवग्याच्या शेंगांचा तो आवाज त्या हिंदी डबमध्ये तसाच आहे.

पोलीस ठाण्यात पहिलं उत्तर मिळालं, “मॅडम, हा सिव्हिल मॅटर आहे.” हे ऐकून परत फिरू नका. लेखी अर्ज द्या आणि शिक्क्याची पोच घ्या. पानं बदलून सह्या घेणं, खोटा जीएसटी नंबर, बनावट मेल ही फसवणूक आहे. भारतीय न्याय संहितेच्या कलम 318 मध्ये तिला सात वर्षांपर्यंत शिक्षा आहे. पैसे ऑनलाइन गेले असतील तर 1930 या सायबर हेल्पलाइनवर लगेच फोन करा, जितका उशीर तितके ते पुढच्या खात्यांत पांगतात. व्हॉट्सअ‍ॅप चॅट डिलीट करू नका, फोन बदलू नका. कोर्टात इलेक्ट्रॉनिक पुरावा देताना भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या (पुराव्याच्या नव्या कायद्याच्या) कलम 63 चं प्रमाणपत्र लागतं. आमच्या बाजूने सगळ्यात भक्कम ठरतोय तो मूळ मसुद्याचा मेल, त्याच्या तारखेसकट. करार रद्द करण्याचा दावा वेगळा चालवावा लागतो, तोही आम्ही लावलाय.

त्या माणसाने वीरा देसाई रोडचं ऑफिस सोडलंय आणि आता दुसऱ्या नावाने मीरा रोडला बसतो, असं त्या जोडप्यांपैकी एकाकडून कळलं. तुमचा सिनेमा अशाच कुणाकडे अडकला असेल तर तो नावाने शोधू नका, नाव बदललेलं असतं. एखाद्या ठळक दृश्याचा स्क्रीनशॉट घेऊन इमेज सर्च करा, हिंदी आणि भोजपुरी डबच्या चॅनेलांवर बघा, आणि सापडला तर लिंक, तारीख आणि चॅनेलचं नाव आधी सेव्ह करा. आम्ही तिन्ही जोडपी आता एकत्र तक्रार देतोय. एकट्याच्या प्रकरणाला करारातला वाद म्हणता येतं. तीन गठ्ठ्यांत तीच पानं तशीच बदललेली निघाली, तेव्हा अधिकाऱ्यांनी पहिल्यांदा खुर्ची पुढे ओढून कागद वाचायला घेतले.