कोर्टाच्या मोजणीच्या नावाखाली 34,500 रुपये गेले

बांधाच्या दाव्यात कोर्ट कमिशनची, म्हणजे कोर्टाने नेमलेल्या माणसाकडून जमीन मोजून घेण्याची, ऑर्डर झाली आणि तिसऱ्या दिवशी फोन आला. "कमिशनर साहेबांकडून बोलतोय." दावा नंबर, गट नंबर, पुढची तारीख, सगळं बिनचूक सांगितलं. ही माहिती ई-कोर्ट्सवर कुणालाही दिसते, हे मला आता कळलंय. तेव्हा वाटलं, कोर्टातल्या माणसाशिवाय हे कुणाला माहीत असणार?

कमिशनरची फी 7,000 रोख, तातडीच्या मोजणीचे 18,500 फोनवरून, आणि मोजणीच्या दिवशी रोव्हर मशीनचं, म्हणजे उपग्रहाच्या सिग्नलवर मोजणाऱ्या यंत्राचं, भाडं 9,000 रोख. पावतीवर शिक्कासुद्धा होता. मी अडाणी नाही, घरातले सातबारे, फेरफार मीच बघतो. पण आईचं ऑपरेशन नुकतंच झालेलं, वकील फोन उचलत नव्हते, आणि शेजारी दर नांगरटीला नांगराचं एकेक तास (चर) आत सरकताना मी सात वर्षं बघत होतो. अशा वेळी कुणी "उद्या मोजून देतो" म्हटलं तर माणूस विश्वास ठेवतोच.

तो दिवस डोळ्यांपुढून जात नाही. तिघं आले, रोव्हरची काठी घेऊन थेट वादाच्या बांधावर गेले. चाळीस मिनिटांत लाल रंगाचे चार दगड रोवले. शेजाऱ्याच्या गटात पाय नाही, जुन्या खुणा शोधल्या नाहीत, टिपण (जुन्या मोजणीचा मापांसकट नकाशा) उघडलं नाही. वडिलांच्या वेळची 33 फुटी साखळीची मोजणी मी लहानपणी पाहिलीय. मोजणीदार आधी लांबचे पक्के दगड धरून आला होता, आमच्या बांधाला हात लागेपर्यंत दुपार झाली होती. हे माहीत असूनही मी गप्प बसलो. काठी तर आंब्याच्या गच्च सावलीत उभी होती. त्या यंत्राला वरचं आभाळ मोकळं लागतं.

आणि शेजाऱ्याचा मुलगा गाडी थांबवून विचारत होता, "दादा, काय चाललंय?" त्याला काहीच माहीत नव्हतं! कमिशनरची नोटीस दोन्ही बाजूंना जाते. तिथेच त्या तोतयाची गचांडी धरायला हवी होती. तो म्हणाला, "नोटीस घेतली नाही त्यांनी, नाटक करतायत." शेजाऱ्याबद्दल वाईट ऐकायला माझे कान तयारच होते. मी कोऱ्या पंचनाम्यावर सही केली. कोऱ्या कागदावर सही करू नका, कुणी कितीही घाई करो.

त्या दगडांवर मी तार ओढली. शेजाऱ्याने कोर्टात अर्ज दिला, की 'जैसे थे' आदेश असताना मी सहा फूट आत घुसलो. आणि खरी कमिशन फी मुदतीत भरली नाही म्हणून आमचा मोजणीचा अर्जही निकाली निघाला. फी कोर्टात भरतात, भूमी अभिलेखची असेल तर चलनाने. कुणाच्या मोबाइलवर नाही.

पोलीस ठाण्यात चार खेपा झाल्या. "जमिनीचा वाद आहे, दिवाणी बाब आहे." अहो, वाद जमिनीचा असेल, पैसे तर चोरले ना! भूमी अभिलेखमध्ये म्हणाले, आमचा माणूस नाही, लेखी मात्र देणार नाही. कोर्टात नाझराने (कोर्टातले पैसे, नोटिसा बघणारा अधिकारी) वकिलाकडे पाठवलं, वकिलाने पोलिसांकडे. सायबर फसवणुकीच्या 1930 हेल्पलाइनवर फोन केला तो अकराव्या दिवशी, तोवर खातं रिकामं. त्याच तासात करा. एका टेबलावरही कुणी खुर्ची सरकवून बसा म्हणालं नाही. खोट्या शिक्क्याची पावती समोर ठेवली तर हवालदाराने तिच्याकडे बघितलंसुद्धा नाही. कोर्टाच्या नावाने शिक्का मारून लोक लुटतायत, आणि याची काळजी कुणालाच नाही?

कमिशनर म्हणून कुणी आलं तर कोर्टाचा आदेश बघा, नक्कल ठेवा, शेजाऱ्याला स्वतः हाक मारा. भांडण असलं तरी मारा.

तो माणूस चाळिशीचा आहे, खांद्याला नकाशांची लांब नळी असते. गेल्या आठवड्यात पलीकडच्या गावातल्या एका विधवा बाईंना त्याच आवाजात फोन आलाय, त्यांचाही दावा नंबर बरोबर सांगून.