उरुसेव्हस्की आधी की युसोव्ह?

जुन्या सोव्हिएत सिनेमातलं कॅमेऱ्याचं काम बघायचं ठरवलं की दोन नावं हमखास समोर येतात: सर्गेई उरुसेव्हस्की आणि वादिम युसोव्ह. हाताशी दोनच मोकळे रविवार असतील, तर आधी कोण?

उरुसेव्हस्की (१९०८–१९७४) मुळात चित्रकलेचा विद्यार्थी, महायुद्धात कॅमेरा घेऊन आघाडीवर फिरलेला. त्याच्या कॅमेऱ्याला स्वस्थ बसवत नाही. ‘द क्रेन्स आर फ्लाइंग’मधला (१९५७) निरोपाचा प्रसंग बघा. बॉरिस युद्धावर निघालाय, वेरोनिका बसमध्ये अडकलीय. कॅमेरा तिच्या शेजारी. ती उतरते तसा तोही उतरतो, गर्दीत तिच्याबरोबर घुसतो आणि कुठेही कट न घेता थेट वर चढतो. खाली रणगाड्यांची रांग, आणि त्यातून धावत सुटलेली एवढीशी ती. हातात कॅमेरा धरलेला माणूस चालता चालता क्रेनवर गेला, एवढीच काय ती युक्ती. ती माहीत असूनही दर वेळी छातीत धडधडतं.

‘आय ॲम क्यूबा’त (१९६४) हाच स्वभाव टोकाला जातो. इन्फ्रारेड फिल्ममुळे माडांच्या झावळ्या पांढऱ्याफटक दिसतात. हॉटेलच्या गच्चीवरून निघालेला कॅमेरा मजले उतरून चक्क पोहण्याच्या तलावात बुडी मारतो. तेव्हा हा सिनेमा ना हवानात रुचला, ना मॉस्कोत. नव्वदच्या दशकात अमेरिकेत प्रदर्शित झाल्यावर त्याचं नशीब उघडलं. माझी तक्रार एवढीच, की तासाभरानंतर माणसं पुसट होतात आणि कॅमेराच नायक होऊन बसतो.

युसोव्ह (१९२९–२०१३) नेमका उलट्या स्वभावाचा. दिग्दर्शक आंद्रेई तार्कोव्हस्कीच्या ‘इव्हान्स चाइल्डहूड’मध्ये (१९६२) बर्चच्या बनात एक अधिकारी खंदकावर पाय फाकून उभा राहतो, माशा नावाच्या तरुणीला अधांतरी धरतो आणि तिचं चुंबन घेतो. कॅमेरा खाली खंदकात, वर बघत. ‘सोलारिस’च्या (१९७२) सुरुवातीला तर पाण्याखाली हलणारं गवत आहे, बाकी काही नाही. तरी नजर हटत नाही. पुढे तार्कोव्हस्कीच्याच ‘मिरर’ची पटकथा फारच खासगी वाटली म्हणून त्याने नकार दिला, ते काम गिओर्गी रेरबर्गकडे गेलं.

नुसता प्रेक्षक असाल तर ‘क्रेन्स’पासून सुरुवात करा, दीड तासाचा मामला आहे, कंटाळा येणार नाही. पण स्वतः कॅमेरा हातात घेणार असाल तर आधी युसोव्ह. उरुसेव्हस्की बघून पोरं दुसऱ्याच दिवशी कॅमेरा घेऊन पळायला लागतात, आणि कशासाठी पळतोय हे त्यांना सांगता येत नाही.

युसोव्हनेच चित्रित केलेला, मध्ययुगीन रशियन चित्रकारावरचा ‘आंद्रेई रुबल्योव्ह’ मात्र मोबाइलवर बघू नका. तीन तासांच्या कृष्णधवलानंतर शेवटी रुबल्योव्हची धार्मिक चित्रं रंगात येतात, अगदी जवळून, रंगाच्या तड्यांसकट.